पिकअपचा झिजलेला पट्टा: ओळख, निवड आणि बदल



बैलगाडीचे दिवस आपल्या घरातील वडीलधाऱ्यांना अजून आठवतात. चाक कुरकुरू लागले की मालक गाडी थांबवी, खाली उतरे आणि आखाला वंगण लावी. बैलाच्या खुरापासून जूपर्यंत सर्व गोष्टींवर त्याची नजर असे. आज बैलगाडीची जागा पिकअपने घेतली आहे. पादरा, सावली, डभोई, वाघोडिया या तालुक्यांतून पहाटे भाजी घेऊन बडोद्याच्या बाजाराकडे निघालेल्या गाड्या पाहा: कोणाची बोलेरो, कोणाची जुनी टाटा २०७, कोणाचा 'छोटा हत्ती'. गाडी बदलली, पण मालकाची नजर मात्र कमी झाली. डिझेल भरले, हवा पाहिली, की आपले काम संपले असे आपण समजतो. बॉनेट उघडण्याचे काम मिस्त्रीचे, असा समज दृढ झाला आहे.

या पाठात आपण बॉनेटखालच्या एकाच वस्तूचा विचार करणार आहोत. ती म्हणजे अल्टरनेटर फिरवणारा रबरी पट्टा. गॅरेजात त्याला कोणी 'फॅन बेल्ट' म्हणतात, कोणी 'डायनामोचा बेल्ट'. किंमत काही शे रुपये. पण तो तुटला तर बॅटरी, इंजीन आणि कित्येक गाड्यांत ब्रेकसुद्धा धोक्यात येतात. म्हणून हा पाठ केवळ पैसे वाचवण्याचा नाही, जीव वाचवण्याचाही आहे.

१. हा पट्टा काय काम करतो?

इंजिनाच्या पुढच्या बाजूस क्रँकची मोठी पुली असते. तिच्यावरून हा पट्टा अल्टरनेटरच्या लहान पुलीवर जातो. पुली लहान असल्याने अल्टरनेटर इंजिनाच्या दोन-तीन पट वेगाने फिरतो, वीज तयार करतो, दिवे पेटवतो आणि बॅटरी भरतो. बॅटरी ही घरातील कणगी समजा आणि अल्टरनेटर हे शेत. शेत पिकले नाही तर कणगीतले धान्य किती दिवस पुरणार?

पुष्कळ गाड्यांत हाच पट्टा पाण्याचा पंपही फिरवतो. हा पंप इंजिनाचे तापलेले पाणी रेडिएटरकडे पाठवतो. काही गाड्यांत पंखाही त्याच पट्ट्यावर असतो.

आता तिसरे आणि सर्वांत महत्त्वाचे काम. आपल्याकडील अनेक डिझेल गाड्यांत अल्टरनेटरच्या पाठीमागे एक छोटा व्हॅक्यूम पंप जोडलेला असतो. ब्रेकच्या पेडलपुढे जो गोल डबा दिसतो त्याला बूस्टर म्हणतात. पंप या बूस्टरमधील हवा ओढून घेतो आणि त्यामुळे आपल्या पायाचा जोर कित्येक पटींनी वाढतो. भरलेली गाडी थोड्या दाबाने थांबते ती यामुळेच. आपल्या गाडीत असा पंप आहे का, हे ओळखणे सोपे आहे. अल्टरनेटरच्या मागे तेलाच्या नळ्या आणि बूस्टरकडे जाणारी एक जाड नळी दिसली तर पंप तेथेच आहे. संशय असल्यास मिस्त्रीला एकदा विचारून ठेवा.

२. पट्टा तुटला तर काय होते?

पहिले संकट विजेचे. पुढचे दोन दिवे प्रत्येकी ५५ वॅटचे धरले तर १२ व्होल्टच्या बॅटरीतून ९ अँपिअरच्या आसपास वीज केवळ त्यांनाच लागते. त्यात मागचे दिवे, हॉर्न, पावसात वायपर. बॅटरी जुनी असेल तर रात्रीच्या रस्त्यावर दिवे लवकरच मंद होतात. नव्या पद्धतीच्या डिझेल इंजिनांना इंधन सोडण्यासाठीही वीज लागते, त्यामुळे बॅटरी संपली की ती वाटेतच बंद पडतात.

दुसरे संकट उष्णतेचे. मे महिन्यात बडोद्याचा पारा ४० अंशांच्या वर जातो. पाण्याचा पंप थांबला तर भरलेल्या गाडीचे इंजीन काही मिनिटांत तापते. मग हेडचे गॅस्केट जाते, कधी हेडच वाकते. काहीशे रुपयांचा पट्टा हजारो रुपयांचे काम काढतो आणि गाडीतले टोमॅटो उन्हात शिजतात ते वेगळेच.

तिसरे संकट ब्रेकचे. बूस्टरमध्ये साठलेला जोर दोन-तीन वेळा ब्रेक दाबण्यापुरताच असतो. त्यानंतर पेडल दगडासारखे कठीण लागते. ब्रेक नाहीसा झालेला नसतो, पण पायाला फार जोर लावावा लागतो आणि गाडी थांबायला अंतर जास्त लागते. ज्याला हे ठाऊक नाही तो घाबरतो, 'ब्रेक फेल' म्हणून पाय काढून घेतो, आणि अनर्थ होतो. मागे हौद्यात माणसे बसवली असतील तर विचारच नको. मालाच्या हौद्यात माणसे बसवू नयेत याचे हे आणखी एक कारण.

३. झिजल्याची लक्षणे

पट्टा एकाएकी तुटल्यासारखा वाटतो, पण बहुधा त्याने आधी पुष्कळ दिवस सूचना दिलेली असते. ती ऐकणारा कान हवा.

(अ) सकाळी गाडी सुरू करताच, अथवा दिवे लावताच, 'चीं' असा लांब आवाज येतो. पट्टा सैल होऊन घसरत आहे.

(आ) 'चिक-चिक' असा तुटक आवाज सतत येतो. बहुधा पुल्या एका रेषेत नाहीत. रुंद, धारीच्या पट्ट्यासाठी एक परीक्षा आहे. इंजीन चालू असताना हात दूर ठेवून बाटलीने पट्ट्याच्या धारींवर थोडे पाणी उडवा. आवाज क्षणभर गेला तर दोष पुल्यांच्या रेषेत. आवाज वाढला तर पट्टा घसरतो आहे.

(इ) फलकावरील बॅटरीचा लाल दिवा मधूनमधून लुकलुकतो.

(ई) इंजीन बंद करून पट्टा उलटा वळवून पाहा. आतल्या बाजूला भेगा, कडेला सुटलेले दोरे, तुटलेला तुकडा, काचेसारखी चकाकी किंवा तेलाने फुगलेले रबर यांपैकी काहीही दिसले तर पट्टा बदलावा.

येथे एक नवी गोष्ट लक्षात ठेवा. पूर्वीचे पट्टे निओप्रीन रबराचे असत व म्हातारे झाले की त्यांना भेगा पडत. गेल्या वीस-पंचवीस वर्षांत ईपीडीएम नावाच्या रबराचे पट्टे वापरात आले. त्यांना सहसा भेगा पडत नाहीत, पण त्यांच्या धारी पायतणाच्या तळासारख्या हळूहळू झिजतात. म्हणून 'भेग नाही, म्हणजे पट्टा चांगला' हा जुना नियम आता पुरेसा नाही. नवा पट्टा शेजारी धरून धारींची खोली ताडून पाहावी. किती किलोमीटरनंतर बदलायचा हे गाडीच्या पुस्तिकेत दिलेले असते, ते पाळावे. शेतावरच्या धुळीत चालणाऱ्या गाडीचा पट्टा प्रत्येक ऑइल-बदलीच्या वेळी तपासावा.

ज्या गाड्या पुराच्या पाण्यात उभ्या होत्या त्यांची विशेष तपासणी करावी. जुलै २०१९ च्या अखेरीस आणि पुन्हा ऑगस्ट २०२४ मध्ये विश्वामित्रीचे पाणी बडोद्याच्या वस्त्यांत शिरले. अशा पाण्याबरोबर आलेला बारीक गाळ पुलीच्या खाचेत व बेअरिंगमध्ये बसतो. वरून गाडी धुतली तरी तो आत राहतो आणि नवा पट्टाही लवकर खातो.

४. नवा पट्टा कसा निवडावा?

पट्टे मुख्यतः दोन जातींचे. एक, अरुंद व खोल, पाचरीच्या आकाराचा: हा व्ही-बेल्ट. रबराचा असा पट्टा अमेरिकेत जॉन गेट्स यांनी १९१७ साली तयार केला. त्यापूर्वी दोर आणि चामड्याचे सपाट पट्टे चालत. पाचर लाकडात जशी दोन्ही बाजूंनी घट्ट बसते तसा हा पट्टा पुलीच्या दोन्ही भिंतींना धरतो. तळाशी तो टेकता कामा नये. पुलीच्या खाचेचा तळ चकचकीत दिसला तर समजा की पट्टा अथवा पुली झिजली आहे आणि पट्टा तळाला टेकून घसरत आहे. दुसरी जात रुंद व पातळ, आतून लांब धारी असलेली. तिला पॉली-व्ही किंवा धारीचा पट्टा म्हणतात. नव्या गाड्यांत बहुधा हाच असतो.

पट्ट्याच्या पाठीवर क्रमांक छापलेला असतो. तो वाचता आला पाहिजे.

'एव्हीएक्स १३ × १०००' असे असेल तर वरची रुंदी १३ मिलिमीटर व बाहेरची लांबी १००० मिलिमीटर.

'६ पीके १०५०' असे असेल तर धारी सहा व लांबी १०५० मिलिमीटर.

आता एक नेहमी होणारी चूक. आपल्या शेतावर थ्रेशरला, चक्कीला वा पाण्याच्या इंजिनाला 'ए' आणि 'बी' जातीचे पट्टे असतात. 'बी' १७ मिलिमीटर रुंद आहे, तो गाडीच्या १३ मिलिमीटरच्या खाचेत बसणारच नाही. 'ए' मात्र १३ मिलिमीटरचाच आहे, म्हणून पुष्कळ जण घरात पडलेला 'ए' पट्टा गाडीला चढवतात. हे करू नये. बॉनेटखालची उष्णता आणि लहान पुलीवरचा वेग सहन करण्यासाठी गाडीचा पट्टा वेगळा बनवलेला असतो. त्याच्या आतल्या बाजूस बहुधा दाते कापलेले असतात, ते लहान पुलीभोवती सहज वळण्यासाठी.

शिवाय मापाचा घोटाळा होतो. 'ए ३८' म्हणजे आतली लांबी ३८ इंच, अर्थात ९६५ मिलिमीटर. त्याची बाहेरची लांबी सुमारे ५० मिलिमीटरने अधिक, म्हणजे १०१५ च्या आसपास भरते. जो ३८ इंचांचे ९६५ करून तेवढ्या बाहेरच्या लांबीचा गाडीचा पट्टा आणील, त्याचा पट्टा पाच सेंटिमीटर आखूड निघेल! आतले माप आणि बाहेरचे माप यांत गल्लत करू नका.

जुन्या पट्ट्यावरचे अक्षर पुसले असेल तर दुकानदाराला गाडीचे मॉडेल, साल आणि चॅसिस क्रमांक सांगा. एसी असलेल्या आणि नसलेल्या गाडीचा पट्टा वेगळा असू शकतो, तेही सांगा. जुना पट्टा सोबत न्या, पण केवळ लांबी जुळवून समाधान मानू नका, कारण झिजलेला पट्टा थोडा ताणलेला असतो. पट्टा तुटून हरवलाच असेल तर अल्टरनेटर इंजिनाच्या बाजूला सरकवून सर्व पुल्यांवरून न ताणणारी दोरी फिरवा व ती मोजा. त्यावरून बाहेरच्या लांबीचा अंदाज येतो.

ज्या इंजिनावर दोन पट्टे शेजारी-शेजारी एकच काम करतात, तेथे दोन्ही एकदम आणि एकाच मापाचे, एकाच कंपनीचे बदलावेत. एक नवा व एक जुना ठेवला तर नवाच सर्व ओझे ओढतो. जोडीला म्हातारा बैल बांधला की तरण्या बैलाची जी गत होते, तीच.

५. बदलण्याची रीत

ही रीत साध्या व्ही-पट्ट्याची आहे. पाने, स्वच्छ फडके आणि एक लाकडी दांडा एवढे साहित्य पुरे.

१. गाडी सपाट जागी उभी करा. हँडब्रेक ओढा, चाकाला दगड लावा. चावी काढून स्वतःच्या खिशात ठेवा. इंजीन पूर्ण थंड होऊ द्या.

२. बॅटरीची ऋण, म्हणजे वजा खुणेची, तार प्रथम काढा. अल्टरनेटरवर बॅटरीची जाड तार सदैव जिवंत असते. पाना तेथे लागला तर ठिणगी उडते.

३. पट्टा कोणत्या पुलीवरून कसा गेला आहे त्याचे चित्र कागदावर काढा किंवा मोबाइलवर फोटो घ्या.

४. अल्टरनेटर दोन ठिकाणी धरलेला असतो: एका बाजूस ज्यावर तो झुलतो तो बोल्ट, दुसऱ्या बाजूस लांबट खाचेच्या पट्टीतला बोल्ट. दोन्ही सैल करा, काढू नका.

५. अल्टरनेटर इंजिनाकडे ढकला. पट्टा सैल होईल. तो काढून घ्या. मध्ये पंखा आला तर एकेका पात्यावरून पट्टा सोडवत आणा.

६. आता घाई करू नका. पुल्या फडक्याने पुसा. अल्टरनेटर व पाण्याचा पंप हाताने फिरवून पाहा. खरखर लागली किंवा पुली डोलली तर बेअरिंग गेले आहे. पंपाखाली पाण्याचा डाग, अथवा वरून तेलाची गळती दिसली तर आधी ती दुरुस्त करा. कारण दूर न करता नवा पट्टा घालणे म्हणजे फुटक्या बांधात पाणी भरणे होय.

७. नवा पट्टा हातानेच चढवा. स्क्रू ड्रायव्हरने उचकटून चढवल्यास आतले दोरे तुटतात. बाहेरून ते दिसत नाही, पण पट्टा थोड्याच दिवसांत दगा देतो. बसलेला पट्टा पुलीच्या काठाबरोबर किंवा किंचित वर दिसला पाहिजे.

८. लाकडी दांडा इंजिनाचा भक्कम भाग आणि अल्टरनेटरची पुलीकडची जाड बाजू यांच्यामध्ये घालून अल्टरनेटर बाहेर ओढा. पाठीमागच्या पातळ भागावर अथवा व्हॅक्यूम पंपावर जोर देऊ नका, तो फुटतो. ताण धरून खाचेतला बोल्ट आवळा, मग दुसरा.

९. हत्यारे, फडकी मोजून बाहेर काढा. बॅटरीची तार जोडा. इंजीन सुरू करा. लाल दिवा विझला पाहिजे. दहा-पंधरा मिनिटे चालवून बंद करा आणि ताण पुन्हा पाहा. नवा पट्टा खाचेत बसताना थोडा सैल होतो. सुमारे २०० किलोमीटरनंतर आणखी एकदा पाहा.

धारीच्या पट्ट्याला बहुतेक गाड्यांत स्वतःहून ताण धरणारी पुली असते. ती पान्याने हळूच मागे घेऊन पट्टा बदलायचा आणि हळूच सोडायची. प्रत्येक धार आपापल्या खाचेत आहे हे बोट फिरवून पाहावे. एक धार जरी बाहेर राहिली तरी पट्टा लवकर उसवतो.

६. ताण किती असावा?

व्ही-पट्ट्याच्या सर्वांत लांब मोकळ्या भागाच्या मधोमध अंगठ्याने सुमारे १० किलोचा दाब द्या. पट्टा १० ते १५ मिलिमीटर, म्हणजे साधारण बोटाच्या रुंदीइतका, दबला पाहिजे. गाडीच्या पुस्तिकेत निराळा आकडा असेल तर तो प्रमाण माना. सैल पट्टा घसरतो, तापतो, चकाकतो. पण अति घट्टही वाईट. त्याने अल्टरनेटर व पंप यांची बेअरिंगे मरतात. वीणेची तार आणि गाडीचा पट्टा यांना ताण योग्य तेवढाच हवा.

आवाज थांबवण्यासाठी साबण, मेण, ग्रीस किंवा बाटलीतले 'बेल्ट ड्रेसिंग' लावू नये. आवाज हे दुखणे नसून दुखण्याची सूचना आहे. ती दाबून रोग बरा होत नाही.

शेवटी दोन परीक्षा. घरी मीटर असेल तर बंद गाडीच्या भरलेल्या बॅटरीवर सुमारे १२.६ व्होल्ट आणि चालू इंजिनावर साधारण १३.८ ते १४.५ व्होल्ट दिसावेत. ब्रेकसाठी: इंजीन बंद असताना पेडल चार-पाच वेळा दाबा. ते कठीण झाले की पाय तसाच दाबून ठेवा आणि इंजीन सुरू करा. पेडल पायाखाली थोडे खाली गेले तर बूस्टरला जोर मिळत आहे. गेले नाही तर गाडी रस्त्यावर काढू नका.

७. वाटेत पट्टा तुटला तर

लाल दिवा लागला, सुईने उष्णता दाखवली किंवा ब्रेक कठीण लागला, तर घाबरू नका. ब्रेक पुनःपुन्हा दाबून साठलेला जोर वाया घालवू नका. एकदाच भक्कम दाबा आणि दाबून ठेवा. गिअर एकेक खाली आणा, हँडब्रेक हळूहळू ओढा, गाडी डाव्या कडेला घ्या. इंजीन बंद करा, मागे गाड्यांना दिसेल अशी खूण ठेवा. ओढणी, दोर किंवा जुनी ट्यूब बांधून 'घरापर्यंत जाऊ' हा विचार सोडून द्या. पाण्याचा पंप किंवा ब्रेकचा पंप पट्ट्यावर असेल तर गाडी ओढून नेण्याचा खर्चच स्वस्त पडतो. त्याहून उत्तम म्हणजे योग्य मापाचा एक नवा पट्टा व दोन पाने सीटखाली ठेवणे. पट्टा उन्हापासून व तेलापासून दूर, न दुमडता ठेवावा.

८. शरीराची काळजी

चालू इंजिनाजवळ जाताना साडीचा पदर, ओढणी, उपरणे, लांब केस, गळ्यातली क्रुसाची साखळी किंवा रोझरी आवरून घ्या. पट्टा आणि पुली यांच्या सांध्यात बोट गेले तर ते ओढून काढायला वेळ मिळत नाही. विजेवर चालणारा पंखा इंजीन बंद असतानाही अचानक फिरू शकतो, मुलांना दूर ठेवा.

तापलेल्या रेडिएटरचे झाकण उघडू नका. आतले पाणी दाबाखाली असते व झाकण फिरवताच वाफेसह तोंडावर येते. भाजलेच तर त्या जागी २० मिनिटे साधे वाहते पाणी सोडा. तूप, शाई, टूथपेस्ट लावू नका. फोड फोडू नका. चेहरा, डोळे किंवा मोठा भाग भाजला असेल तर ताबडतोब दवाखान्यात न्या. बॅटरीचे आम्ल डोळ्यात उडाल्यास पापणी उघडी धरून १५-२० मिनिटे पाण्याने धुवा आणि लगेच डॉक्टरांना दाखवा. बॅटरीजवळ बिडी-काडी पेटवू नका, तिच्यातून पेट घेणारा वायू निघतो. बंद खोलीत इंजीन चालू ठेवू नका, धुरातील विषारी वायू वास न देता जीव घेतो.

हे ज्ञान मिस्त्रीचे, आपले नव्हे, असे कोणी म्हणेल. परंतु याच बडोद्यात १८९० साली सयाजीराव महाराजांनी कलाभवन स्थापन केले, आणि त्याचे प्रमुख त्रिभुवनदास गज्जर यांनी हातकामाची विद्या लोकांच्या भाषेतून शिकवण्यावर भर दिला. यंत्राची विद्या ही ज्याच्या हाती यंत्र आहे त्या प्रत्येकाची आहे. स्वतः पट्टा बदलायचे धाडस नसेल तर मिस्त्रीकडूनच बदला. मात्र त्याच्या शेजारी उभे राहा, क्रमांक वाचा, जुना पट्टा मागून घ्या आणि तो उलटा वळवून मुलांना दाखवा.

अभ्यासासाठी प्रश्न

१. आपल्या गाडीचा पट्टा कोणकोणती यंत्रे फिरवतो? व्हॅक्यूम पंप अल्टरनेटरवर आहे का?
२. पट्ट्यावरील क्रमांक लिहून काढा व त्याचा अर्थ सांगा.
३. 'ए' जातीचा शेतीचा पट्टा गाडीला का चालत नाही?
४. सैल आणि अति घट्ट पट्ट्याने कोणते नुकसान होते?
५. पट्टा तुटून ब्रेक कठीण झाला तर चालकाने क्रमाने काय करावे? घरात जे जे गाडी चालवतात त्या सर्वांना हे तोंडपाठ म्हणायला सांगा.

या आठवड्याचे काम: गाडी थंड असताना बॉनेट उघडा, पट्टा वळवून पाहा, ताण तपासा आणि क्रमांक घरच्या कॅलेंडरवर लिहून ठेवा.